बिंदू चौकाच्या अलीकडे

बिंदू चौकाच्या अलीकडे, पहिल्या मजल्यावर दवाखाना.
माझं काम एवढंच :
हनुवटी इथं टेकवा, एक डोळा झाका,
पांढऱ्या वाडग्यात ठिपका चमकला की बटण दाबा.
लोक न चमकलेल्या ठिपक्यालाही दाबतात.
यंत्र त्याची वेगळी नोंद ठेवतं.
खोटं म्हणत नाही.

रंगराव मिसाळ, वय अठ्ठ्याहत्तर, शिवाजी पेठ.
व्यवसाय?
'पडदे.'
खिडक्यांचे?
'न्हवं. फोटो स्टुडिओचे. माणसाच्या मागचे.
बाग, तळं, कमान. सायबाचा बंगला.
एका पोरानं माझ्या कमानीतनं पळत जाऊन
कपाळ फोडून घेतलं हुतं. त्येच माझं सर्टिफिकेट.'

कागद निघाले.
दोन्हींवर मधल्या ठिपक्याच्या खाली, डाव्या हाताला,
कोळसा फासल्यासारखं.
काचबिंदू, मी म्हटलं.
त्यांनी कागद उलटा धरला, सुलटा धरला,
दुसऱ्या पेंटरचं काम तपासावं तसा.
'हितं काळं दावलंय.
मला तर काळं कुठंच दिसत न्हाई. समदं भरल्यालं हाय.'

मग जरा थांबून :
'परवा ह्याच चौकात. रस्ता मोकळा.
मोकळा म्हंजे, डांबर दिसतंय, पट्टे दिसत्यात,
आन् त्या मोकळ्यातनंच रिक्षा निघाली.
रिक्षावाला म्हणतोय, आंधळं हाय काय म्हातारं?
म्हटलं, न्हाई बाबा. जास्त दिसतंय.'

मी सांगितलं, रोज सांगते तसं :
जिथून खबर येत नाही, तिथं मेंदू
शेजारचा रंग ओढून घेतो.
डांबराशेजारी डांबर, आभाळाशेजारी आभाळ.
आणि प्रत्येकाच्याच डोळ्यात, जन्मल्यापासून,
नस बाहेर पडते तिथं एक भोक असतं.
ते कुणालाच दिसत नाही.

रंगराव हसले. कवळी सावरली.
'म्हंजे आत बी एक पडदेवाला बसलाय.
बिनपगारी.
आमचं बी तसंच की, पोरी.
गिऱ्हाइकाचं डोकं येतंय तिथं आम्ही काय काढतच नव्हतो.
रंग काय फुकट येतोय?'

घरी भिंतीवर आई-बाबांचा फोटो आहे.
आई खुर्चीत, बाबा उभे,
मागे संगमरवरी जिना, वळून वर गेलेला.
लहानपणी विचारायचे, ते घर कुठं गेलं?
बाबा कधी म्हणायचे विकलं,
कधी म्हणायचे पंचगंगेच्या पुरात गेलं.
आई काहीच म्हणायची नाही, तोंडाला पदर लावायची.
त्या जिन्यावर मी बसलेले मला आठवतं.
पायऱ्या गार होत्या.
फ्रॉक वर सरकला की मांडीला लागायच्या.

फोटो मोबाइलमध्ये होता. दाखवला.
त्यांनी कोंबडीसारखी मान तिरकी केली,
शाबूत कोपऱ्यात आणला.
'गंगावेशीतला पडदा. माझाच.
पायऱ्या मोज.'
नऊ.
'पुना मोज.'
नऊच.
'सात हाईत. पांढरा संपला हुता.
वरच्या दोन तुझ्या.'

बोटांनी मोठा करून पाहिला.
सात.
त्याच्यावर नुसता एक राखाडी फराटा,
घाईत ओढलेला, ब्रशचा केस चिकटलेला.
आणि फोटो लहान केला की
पुन्हा नऊ.

बाहेर वाट बघणारे चार पेशंट होते.
तरी मी त्यांना खाली सोडायला गेले.
दंड धरला. त्यांच्या सदऱ्याला टर्पेंटाइनचा वास होता,
किंवा मला तो यायलाच हवा होता.
रस्ता मोकळा दिसत होता.
'जाऊया?' ते म्हणाले.
थांबा, मी म्हटलं,
आणि आधी मान वळवली,
मग डोळे.